मॉंटगोमेरी ते टस्कलूसा: न्यायाधीश फ्रँक जॉन्सन यांच्या हुकुमांच्या वाटेने

अमेरिकेतल्या अलाबामा राज्याच्या राजधानीत, मॉंटगोमेरीत, साउथ कोर्ट स्ट्रीटवर ग्रेहाउंड बस कंपनीचं जुनं बसस्थानक आहे. आता तिथे फ्रीडम राइड्स संग्रहालय आहे आणि त्याला खेटूनच फेडरल, म्हणजे केंद्राच्या, कोर्टाची इमारत उभी आहे. २० मे १९६१ला या स्थानकावर उतरलेल्या फ्रीडम रायडर्सवर, म्हणजे बसप्रवासातला वर्णभेद मोडायला एकत्र निघालेल्या काळ्या-गोऱ्या प्रवाशांवर, गोऱ्यांचा जमाव तुटून पडला, तेव्हा काहीजण कठड्यावरून उड्या टाकून फेडरल इमारतीच्या बाजूला पळाले. दोन इमारतींमधलं अंतर प्रत्यक्ष पाहिलं की धक्का बसतो. त्यानंतर कू क्लक्स क्लान या गोऱ्या वर्चस्ववाद्यांच्या हिंसक संघटनेला मनाई हुकूम बजावणारे न्यायाधीश फ्रँक जॉन्सन याच इमारतीत बसत. १९९२पासून तिला त्यांचंच नाव आहे.

आपल्याकडचे जिल्हा न्यायाधीश डोळ्यांसमोर ठेवून इथे आलात तर घोटाळा होईल. आपल्याकडे केंद्राचा कायदा असो की राज्याचा, दावा त्याच कोर्टांच्या उतरंडीतून जातो. अमेरिकेत राज्यांची कोर्टं वेगळी आणि फेडरल वेगळी. अलाबामात राज्याचे न्यायाधीश मतदारांनी निवडून दिलेले असतात. फेडरल जिल्हा न्यायाधीशाची नेमणूक राष्ट्राध्यक्ष करतात, सिनेट तिला मंजुरी देतं, आणि ती तहहयात असते. ज्या राज्यात बहुसंख्य गोरे मतदार वर्णभेदाच्या बाजूने होते, तिथे हा फरक जिवावरचा होता.

जॉन्सन १९१८ साली उत्तर अलाबामाच्या डोंगराळ विन्स्टन काउंटीत जन्मले. नॉर्मंडीत लढताना जखमी झाले, परतल्यावर जॅस्परला वकिली केली, पुढे फेडरल सरकारी वकील झाले. १९५५मध्ये आयझेनहॉवर यांनी त्यांना न्यायाधीश नेमलं. तेव्हा ते जेमतेम ३७ वर्षांचे होते. त्यांचे पुढचे कट्टर विरोधक, गव्हर्नर जॉर्ज वॉलेस, हे विधी महाविद्यालयातले त्यांचे सहाध्यायी.

पहिला मोठा दावा काही महिन्यांतच आला: बसमधल्या वेगळ्या बाकांचा. गोऱ्या प्रवाशासाठी जागा सोडायला नकार दिल्याबद्दल रोझा पार्क्स यांना झालेली शिक्षा राज्याच्या कोर्टांत अपिलावर होती आणि तिथे ती कितीही काळ रेंगाळू शकली असती. म्हणून वकील फ्रेड ग्रे यांनी तो रस्ता सोडून १ फेब्रुवारी १९५६ला फेडरल कोर्टात नवा दावा लावला. त्यात पार्क्स यांना मुद्दामच घेतलं नाही, कारण त्यांचा खटला आधीच राज्याच्या कोर्टात होता. ऑरेलिया ब्राउडर, क्लॉडेट कोल्विन, सूझी मॅकडोनाल्ड आणि मेरी लुईस स्मिथ या वादी झाल्या. राज्याचा कायदाच घटनाबाह्य ठरवायचा असल्याने त्या वेळच्या नियमाप्रमाणे तीन न्यायाधीश बसले, आणि अशा निकालावर अपील थेट सर्वोच्च न्यायालयात जाई. ५ जूनला दोन विरुद्ध एक असा निकाल लागला. जॉन्सन बहुमतात होते. २१ डिसेंबरला बसमधली बाकं सगळ्यांना खुली झाली. काळ्या प्रवाशांनी बसवर टाकलेला वर्षभराचा बहिष्कार आणि हा दावा, दोन्ही लागले. मला तर वकिलाने निवडलेला हा रस्ता निकालाइतकाच महत्त्वाचा वाटतो.

कोर्ट पाहायचं तर शनिवार-रविवार आणि सुट्ट्या टाळा. फोटो असलेलं ओळखपत्र जवळ ठेवा, दारात झडती होते. फोनचे नियम प्रत्येक कोर्टाचे वेगळे असतात, आत शिरण्याआधीच विचारून घ्या. खटला ऐकायचा असेल तर आदल्या दिवशी क्लार्कच्या कार्यालयाला फोन करा. फेडरल कोर्टातली बहुतेक प्रकरणं तडजोडीने किंवा गुन्हा कबूल करून आधीच मिटतात, त्यामुळे न विचारता गेलेला माणूस बहुधा रिकामं दालन पाहून परततो.

तिथून हायवे ८०ने सेल्मा ५४ मैल, म्हणजे ८७ किलोमीटर. साधारण तासाभराचा रस्ता, पण मधे दुकानं तुरळक, म्हणून पाणी आणि पेट्रोल निघतानाच घ्यावं. ७ मार्च १९६५ला सेल्माच्या एडमंड पेटस पुलावर पोलिसांनी मतदानाच्या हक्कासाठी मॉंटगोमेरीकडे निघालेल्या मोर्चेकऱ्यांना झोडपलं. जॉन्सन यांनी आधी नवा मोर्चाच थोपवला. पुरावा ऐकल्याशिवाय परवानगी नाही, ही त्यांची भूमिका. अनेकांना ती खटकली. मग सुनावणी झाली, मारहाणीची फिल्म कोर्टात दाखवली गेली, आणि १७ मार्चला मोर्चाला परवानगी देणारा हुकूम निघाला. अन्याय जेवढा मोठा, तेवढा निषेधाचा हक्क मोठा, असं त्यांनी त्यात मांडलं.

पण हुकुमाची खरी ताकद त्यातल्या आकड्यांत होती. रस्ता चौपदरी असेल तिथे कितीही माणसं चालोत, दुपदरी भागात ३००हून अधिक नकोत. मुक्काम खाजगी जमिनीवर, मालकांच्या संमतीने. इतका नेमका हुकूम असला की वाहतुकीची सबब पुढे करून मोर्चा अडवता येत नाही. आज रस्ता चौपदरी झालाय, तरी कडेला डेव्हिड हॉल, रोझी स्टील आणि रॉबर्ट गार्डनर यांच्या शेतांवरच्या मुक्कामांच्या पाट्या आहेत. गाडी हळू चालवा, नाहीतर त्या मागे पडतात.

टस्कलूसाचं ब्राइस हॉस्पिटल हे राज्याचं मनोरुग्णालय या वाटेपासून दूर आहे, पण जॉन्सन यांचं काम समजून घ्यायला मला ते सर्वांत मोलाचं वाटतं. १९७०मध्ये सिगारेटवरच्या कराचं उत्पन्न घटलं म्हणून तिथले ९९ कर्मचारी काढले गेले आणि त्यातून 'वायट विरुद्ध स्टिकनी' हा दावा उभा राहिला. पाच हजारांवर मनोरुग्ण आणि उपचार जवळपास नाहीतच. जॉन्सन म्हणाले, उपचारासाठी कोंडायचं तर उपचार मिळण्याचा घटनात्मक हक्क आहे. राज्याला त्यांनी सहा महिने दिले. राज्याला जमलं नाही. मग तज्ज्ञांच्या साक्षी घेऊन १३ एप्रिल १९७२ला किमान निकष घालून दिले: आठ रुग्णांमागे एक संडास, पंधरांमागे एक न्हाणी, एका खोलीत सहाहून अधिक रुग्ण नकोत, खोलीचं तापमान ६८ ते ८३ अंश फॅरनहाइट. 'माणुसकीने वागवा' एवढंच लिहिलं असतं तर राज्याने 'वागवतोच आहोत' म्हणून हात झटकले असते. संडास मात्र मोजता येतात.

हे सारं त्यांनी धमक्या झेलत केलं. त्यांच्या घरासमोर क्रॉस जाळला गेला, १९६७मध्ये त्यांच्या आईच्या घरावर बॉम्ब टाकला गेला. १९७९मध्ये ते अपील न्यायालयात गेले, १९९९मध्ये वारले. वायटचा दावा मात्र चालूच राहिला. पैसे, माणसं, इमारती, प्रत्येक बाबतीत राज्य मागे पडत गेलं आणि दरवेळी पुन्हा कोर्टात यावं लागलं. अखेर २००३ साली, तेहतीस वर्षांनी, मॉंटगोमेरीच्याच फेडरल कोर्टात न्यायाधीश मायरन थॉम्पसन यांनी तो बंद केला.