पासीची दफनभूमी : नोंदणीचं काम कुठवर आलं

मंडळी, पॅरिसची दफनभूमी म्हटली की आपल्याकडे पेर लाशेझचं नाव निघतं, कारण जेआरडी टाटा तिथे आहेत. मी मात्र सध्या शहराच्या पश्चिमेला, त्रोकादेरो चौकालगतच्या पासीत रमले आहे; तिथल्या कबरींचे फोटो काढून त्यांची नोंद करते आहे. जागा जेमतेम पावणेदोन हेक्टर, म्हणजे सव्वाचार एकर. कबरी अडीच हजारांहून थोड्या जास्त. रस्त्यावरून दिसते ती फक्त उंच भिंत. दफनभूमी त्या भिंतीच्या वर, चेस्टनटच्या झाडांखाली आहे.

या वेळी फोटो विभागवार न लावता मृत्युवर्षाच्या क्रमाने लावले, आणि इतिहास आपोआप उलगडत गेला. १८२० साली ही जागा सुरू झाली तेव्हा पासी पॅरिसमध्ये नव्हतंच, शेजारचं वेगळं गाव होतं. सुरुवातीची नावं त्यामुळे बहुतेक गावकऱ्यांची. त्यांच्यात सेंट हेलेनावर नेपोलियनच्या आठवणी टिपून घेणारे लास काझ भेटतात, कारण ते १८४२ साली पासीतच वारले. १८६० मध्ये गाव पॅरिसला जोडलं गेलं, श्रीमंत वस्ती वाढली, आणि दफनभूमीला पसरायला जागा उरली नाही. माझं मत असं, की पासीचा मान या टंचाईतून आला. गावासाठी राखलेला तुकडा धनिकांच्या मोहल्ल्यात सापडला आणि तिथली प्रत्येक हातभर जागा मोलाची झाली. ‘कायमची मालकी’ असं कोरलेले दगड इथे पावलोपावली दिसतात.

१८८३ साली चित्रकार एदुआर माने इथे आले. कबरीवर त्यांचा अर्धपुतळा आहे, तो त्यांचे मेहुणे फर्डिनांड लेनहॉफ यांनी घडवलेला. त्याच कबरीत पत्नी सुझान, भाऊ युजेन आणि युजेनची बायको बर्थ मोरिझो. मोरिझो स्वतः केवढी मोठी चित्रकार! दगडावर मात्र ‘युजेन माने यांची विधवा’ एवढंच. ती ओळ मी अगदी जवळून टिपली आहे. चित्रकार असल्याचा एक शब्द तिथे नाही, आणि मला ते दर वेळी खुपतं.

सगळ्यात जास्त वेळ गेला तो मारी बाश्कर्त्सेफच्या समाधीपाशी. युक्रेनमध्ये जन्मलेली ही चित्रकार क्षयाने गेली, १८८४ साली, वयाच्या अवघ्या पंचविसाव्या वर्षी. तिची रोजनिशी पुढे जगभर वाचली गेली. समाधी म्हणजे घुमटाचं छोटं प्रार्थनामंदिरच आहे. वास्तुकार एमिल बास्तियाँ-लपाज. आत तिच्या स्टुडिओसारखी मांडणी आणि तिचं अपुरं राहिलेलं चित्र. सरकारने ही समाधी संरक्षित वास्तू म्हणून जाहीर केली आहे. दाराच्या काचेतून फोटो घेताना झाडांचं प्रतिबिंब आड येतं, म्हणून लेन्सभोवती काळं कापड धरून ती थेट काचेला टेकवली. आता आतलं बरंच स्पष्ट आलंय.

देब्युसीच्या काळ्या, गुळगुळीत ग्रॅनाइटलाही हाच त्रास. तिथे पोलरायझर (चकाकी कमी करणारी लेन्सवरची काच) लावून, समोर उभं न राहता तिरकं उभं राहिल्यावर अक्षरं वाचता आली. हा संगीतकार मार्च १९१८ मध्ये वारला तेव्हा पॅरिसवर जर्मन तोफांचा मारा चालू होता. त्याला आधी पेर लाशेझमध्ये पुरलं आणि पुढच्या वर्षी इथे आणलं. झाडं आणि पक्षी असतील तिथे विसावायची त्याची इच्छा होती. मुलगी शूशूही १९१९ मध्येच घटसर्पाने गेली; पत्नी एमा आणि ती त्याच्याजवळच आहेत. संगीतकार गाब्रिएल फोरे यांची कबरही याच दफनभूमीत.

जुन्या चुनखडीच्या दगडांसाठी एक सूचना. झिजलेल्या अक्षरांवर खडू किंवा पीठ चोळू नका, दगड खराब होतो. एका बाजूने आरशाने उन्हाची तिरीप पाडा, अक्षरांच्या कडांना सावली धरते आणि नाव उठून येतं. नोव्हेंबर यासाठी उत्तम, पानं गळलेली असतात आणि ऊनही तिरपं. फक्त १ नोव्हेंबरच्या सणानंतर कबरींवर शेवंतीच्या कुंड्यांची गर्दी होते आणि खालच्या ओळी झाकल्या जातात. त्या कुंड्या मी हलवत नाही. त्या कोणाच्या तरी घरच्या माणसांनी ठेवलेल्या असतात.

काही बेवारस कबरींवर नोटिसा लागल्या आहेत. वारस पुढे आले नाहीत तर जागा परत घेतली जाते, दगडही जातो. म्हणून सध्या क्रम बाजूला ठेवून आधी त्यांचेच फोटो काढते आहे. १९३४ साली रने बर्जे यांनी बांधलेल्या भव्य प्रवेशद्वाराचे तपशील नंतर घेता येतील, ते कुठे जात नाही.

पुढचा टप्पा वैमानिकांचा. १९३० मध्ये पॅरिसहून न थांबता न्यूयॉर्कला पोचलेले दिओदोने कोस्त, आणि आँरी फारमाँ. फारमाँ यांच्या दगडावर ते स्वतः विमान चालवताना कोरले आहेत. उठावकामावर नेमकी कोणत्या वेळी सावली चांगली पडते ते आधी पाहून घेते, मग फोटो टाकते.