क्रेटा डिझेल ऑटोमॅटिक: गिअरबॉक्सचं ऑइल वजनावर बदललं, त्याची नोंदवही

गाडी २०१६ ची क्रेटा, १.६ डिझेल, सहा गिअरची टॉर्क कन्व्हर्टर ऑटोमॅटिक (म्हणजे इंजिनाची ताकद ऑइलमधून गिअरांपर्यंत जाते ती). पहिल्या दिवसापासून आमच्याकडेच आहे. इंजिन ऑइल, कूलंट, ब्रेक फ्लुइड हे सगळं मी स्वतः करतो. गिअरबॉक्सला मात्र नऊ वर्षं हात लावला नव्हता. यंदा लावला, तीन टप्प्यांत. प्रत्येक टप्प्याला वहीत जे लिहिलं तेच इथे थोडं नीट करून देतोय. याच गिअरबॉक्सवाल्या मंडळींना त्यातले आकडे कामाला येतील.

९३,८०० किमी: शंका

सासुरवाडी राजापूरकडची, त्यामुळे कोल्हापूरहून अणुस्कुरा घाटाने महिन्यातून एक फेरी ठरलेली. मे महिन्यात चार माणसं, सामान आणि एसी घेऊन येताना पाचलच्या पुढे चढ लागला आणि दुसऱ्यातून तिसऱ्यात जाताना गाडी क्षणभर मोकळी सुटल्यासारखी वाटली. आरपीएमचा काटा वर गेला, मग गिअर बसला. गावात सिग्नलला हळूहळू थांबताना तिसऱ्यातून दुसऱ्यात येतानाही बारीक धक्का. आणि सकाळी थंड गाडी रिव्हर्सला टाकली की मनात ‘एक’ म्हणून होईपर्यंत गाडी हलायची नाही.

ओबीडी डोंगल (गाडीच्या संगणकातले आकडे मोबाइलला पाठवणारं छोटं यंत्र) लावून मोबाइलवर गिअरबॉक्सच्या ऑइलचं तापमान बघायला सुरुवात केली. रोजच्या वापरात ८० ते ९० अंश. घाटात १०३ पर्यंत गेलेलं पाहिलं.

डिझेलमध्ये हा प्रश्न जास्त टोकदार का, तेही सांगतो. या इंजिनाचा टॉर्क, म्हणजे फिरवण्याची ओढ, २६० न्यूटन-मीटर आहे आणि तो १९०० आरपीएमलाच पूर्ण मिळतो. घाटात आपण कमी वेगात, जास्त ओढीवर असतो. अशा वेळी टॉर्क कन्व्हर्टर लॉक होत नाही, म्हणजे इंजिन आणि गिअरबॉक्स थेट जोडले जात नाहीत. आत एक पंखा ऑइल फेकतो, दुसरा ते झेलतो, आणि या फेकाफेकीत जी ताकद वाया जाते ती सगळी उष्णता होऊन ऑइलमध्येच उतरते. हेच ऑइल गिअर बदलणारे आतले क्लच दाबतं, गिअरांना वंगण देतं आणि उष्णताही वाहून नेतं. इंजिन ऑइल दहा हजारावर बदलायचं आणि हे लाखभर चालवायचं, हे मला कधीच पटलं नव्हतं.

मॅन्युअलमध्ये नेहमीच्या वापरासाठी या ऑइलला तपासणीही नको म्हटलंय, पण खडतर वापराच्या तक्त्यात मात्र ते बदलायच्या यादीत आहे. तो तक्ता मागच्या पानांवर असतो आणि तिथवर फार कमी लोक जातात. घाट, उष्मा, ट्रॅफिक, जवळजवळच्या फेऱ्या, असा सगळा आपला रोजचा वापर त्या तक्त्यात बसतो.

दोन ठिकाणी विचारून आलो. एका गॅरेजात मिस्त्री म्हणाले, “दादा, ह्यात ऑइल बदलायचंच नसतंय. लाइफटाइम हाय.” दुसऱ्या ठिकाणी मशीन लावून फ्लश करू, म्हणजे जुनं सगळं ऑइल एकदम जोराने ढकलून काढू, म्हणाले, आणि डबा दाखवला तो सगळ्या गाड्यांना चालणाऱ्या ऑइलचा. दोन्ही नको म्हटलं. ह्युंदाईच्या जुन्या चार गिअरच्या ऑटोमॅटिकला एसपी-३ जातीचं ऑइल लागायचं, या सहा गिअरवाल्यांना एसपी-४ लागतं. क्लचच्या अस्तराची पकड ऑइलमधल्या रसायनांवर बेतलेली असते. तिथे ‘चालतंय की’ हा हिशोब मी लावणार नाही. कंपनीचं एसपी-४ एक-एक लिटरचं घेतलं, तेरा डबे.

तेरा डबे कशाला

या गिअरबॉक्सला खाली चेंबर, म्हणजे उघडता येणारा ऑइलचा तळडबा, नाही. व्हॉल्व्ह बॉडीचं (ऑइलचा दाब त्या-त्या क्लचकडे वळवणाऱ्या भागाचं) झाकण बाजूला आहे आणि फिल्टर आत, केसिंग उघडल्याशिवाय हाती लागत नाही. ड्रेन बोल्ट काढला की खाली साठलेलं तेवढं येतं. टॉर्क कन्व्हर्टर आणि कूलरमधलं आतच राहतं. पूर्ण माप सात लिटरच्या वर आहे, एका वेळी साधारण निम्मं निघतं. म्हणून काढा, भरा, हजार-दीड हजार किमी चालवा, पुन्हा काढा, असं तीनदा. जुन्यातलं दर वेळी निम्म्याच्या आसपास उरतं, म्हणजे तिसऱ्यांदा भरल्यावर दहा-बारा टक्केच राहतं. जोर लावून सगळं एकदम ढकलण्यापेक्षा नव्वद हजार चाललेल्या गिअरबॉक्सला हे सावकाश बरं, असं माझं मत आहे.

९४,२६० किमी: पहिला टप्पा

रविवारी एका ओळखीच्या सर्व्हिसिंग सेंटरचा चार खांबी रॅम्प सकाळपुरता मिळाला. चाकं रॅम्पवर टेकलेली आणि गाडी पाणसळीत, या दोन्ही गोष्टी या कामात अत्यावश्यक आहेत. पुढून जॅक लावून हे काम कुणी करू नका, लेव्हल साफ चुकेल.

पहिलं काम वरचं. एअर फिल्टरचा डबा बाजूला केला आणि गिअरबॉक्सच्या डोक्यावरचा भरायचा बोल्ट आधी सैल करून पाहिला. खालचं ऑइल सोडून दिलं आणि मग वरचा बोल्ट अडकला असं कळलं, तर गाडी जागेवर पडून राहते. भोवतीची धूळ हवेने उडवली. पुसायला सुती कापड वापरलं, तेही धागे न सुटणारं. मी काम करतो त्या मशीन शॉपमध्ये आम्ही सर्रास वापरतो ते कॉटन वेस्ट (पुसायचा सुताचा गुंता) मी घरीच ठेवलं होतं. त्याचा एक तंतू व्हॉल्व्ह बॉडीत गेला तर सगळी मेहनत वाया.

आता या नोंदीतला मुख्य मुद्दा. ‘जेवढं निघेल तेवढंच भरा’ हे सगळेच सांगतात. पण तेल गरम असताना फुगतं. माझं निघालं ते ६५ अंशाला आणि बादलीच्या खुणेवर ३.६ लिटर दिसलं. नवीन ऑइल डब्यात २७ अंशाला होतं. गरम ३.६ लिटर म्हणजे थंड ३.५ लिटर. मापाने मापाला भरलं असतं तर तिथेच १०० मिली जास्त गेलं असतं. आमचं मशीन शॉप गोकुळ शिरगावला आहे, तापमान बदललं की माप बदलतं हे तिथे रोज बघतो. वजन मात्र बदलत नाही. म्हणून किराणा दुकानात असतो तसला इलेक्ट्रॉनिक काटा घेऊन गेलो होतो. बादली आधी रिकामी तोलली, मग भरलेली.

निघालेलं ऑइल: २.९४० किलो.
नवीन ऑइल: एक लिटर म्हणजे ८४२ ग्रॅम.

रंग गडद तपकिरी, काळ्याकडे झुकणारा. नवीन ऑइल डाळिंबाच्या रसासारखं लाल असतं. जुन्याचा एक थेंब टिपकागदावर टाकला तर मध्ये काळपट ठिपका आणि भोवती पिवळसर वर्तुळ पसरलं. जळका वास नव्हता, आणि बादली तिरकी करून उन्हात धरली तर तळाशी चकचकीत कणही दिसले नाहीत. तिथे मी पहिल्यांदा मोकळा श्वास घेतला.

ड्रेन बोल्टला नवीन वॉशर टाकून टॉर्क रेंचने ४० न्यूटन-मीटरला कसला. लांब नळीच्या नरसाळ्याने २.९४० किलो नवीन ऑइल भरलं, आणि ऑइल भरायच्या ठरलेल्या पद्धतीप्रमाणे वर ७०० मिली जास्तीचं, म्हणजे माझ्या काट्यावर ५९० ग्रॅम. हे जास्तीचं मुद्दाम घालायचं असतं. लेव्हल बोल्ट (योग्य पातळीवरचं भोक बंद करणारा बोल्ट) उघडला की ते वाहून जातं आणि धार बारीक होते तिथे लेव्हल बरोबर.

भाचा ड्रायव्हरच्या सीटवर. इंजिन चालू, ब्रेक दाबलेला, पार्किंगपासून ड्राइव्हपर्यंत आणि परत, प्रत्येक जागी दोन-तीन सेकंद थांबत, दोनदा. मग पार्किंगमध्ये ठेवून तापमान बघत बसलो. नव्या थंड ऑइलमुळे आकडा ४१ ला होता. तो ५० वर यायला बराच वेळ गेला. लेव्हल ५० ते ६० अंशांच्या मध्येच बघायची. या गिअरबॉक्समधलं सगळं ऑइल धरलं तर २५ अंशांच्या फरकाने सव्वाशे-दीडशे मिली इकडचं तिकडे होतं, म्हणजे थंड गाडीवर बघितलेली लेव्हल खोटी.

“मामा, बावन्न!” भाच्याने वरून ओरडून सांगितलं. मी खालून लेव्हल बोल्ट काढला आणि धारेखाली छोटं भांडं धरलं.

माझ्या हिशोबाने ५९० ग्रॅमच्या आसपास यायला हवं होतं. लाल-तपकिरी धार सुरू झाली आणि मी नीट मांडी घालून बसेपर्यंत बारीकही झाली. सुतासारखी, मग थेंब थेंब. भांडं तोललं: २६० ग्रॅम.

दोनदा तोललं, काट्याचं शून्य पुन्हा लावलं. गाडी पाणसळीत आहे का ते स्पिरिट लेव्हल ठेवून पाहिलं. सगळं बरोबर होतं. म्हणजे गिअरबॉक्समध्ये आधीपासूनच ३३० ग्रॅम, जवळजवळ ३९० मिली ऑइल कमी होतं. इतके दिवस ते कमीच चालत होतं.

गेलं कुठे? घरी येऊन जुनी बिलं काढली. ८१ हजाराला डाव्या ड्राइव्ह शाफ्टचं (गिअरबॉक्समधून चाकाकडे जाणाऱ्या दांड्याचं) ऑइल सील एका गॅरेजमध्ये बदललं होतं. शाफ्ट बाहेर काढला की त्या तोंडातून ऑइल सांडतं. बिलात सील आहे, मजुरी आहे, ऑइलचा एक थेंबही नाही. त्या दिवशी मी तिथे उभा नव्हतो, आणि लेव्हल बघितली का हेही विचारलं नाही. डिपस्टिक (पातळी बघायची पट्टी) नसलेल्या गिअरबॉक्समध्ये असं कमी पडलेलं ऑइल पुढे कुणाच्याच नजरेला येत नाही. कुणाचं सीलचं काम झालं असेल तर एवढं तरी तपासून घ्या, अशी हात जोडून विनंती आहे.

त्याच आठवड्यात

सकाळचा रिव्हर्सचा उशीर पहिल्याच दिवशी गेला. दुसऱ्या-तिसऱ्याची मोकळी सुटण्याची भावना पन्नासेक किलोमीटरनंतर जाणवेनाशी झाली. तिसऱ्यातून दुसऱ्याचा धक्का तसाच.

पार्किंगमध्ये पुठ्ठा पसरून ठेवला होता. तिसऱ्या दिवशी त्यावर रुपयाएवढा लाल डाग. ड्रेन बोल्ट कोरडा, लेव्हल बोल्ट ओला. तिथला जुना वॉशर मी तसाच ठेवला होता, नवा एकच आणला होता. वॉशर बदलला, डाग थांबला. दोन्ही बोल्टांचे वॉशर तीन-तीन आणून ठेवा.

९५,७३० किमी: दुसरा टप्पा

इथे माझा तर्क कसाला लागणार होता. पहिल्या वेळी खरंच ३३० ग्रॅम कमी होतं, तर या वेळी लेव्हल बरोबर असल्याने तेवढंच जास्त निघायला हवं. २.९४० आणि ०.३३०, म्हणजे ३.२७० किलो.

काट्यावर आलं ३.२६० किलो.

रॅम्पखाली तो आकडा बघून जो आनंद झाला तो छंद असणाऱ्यालाच कळेल. दहा ग्रॅम बादलीच्या कडेला आणि वॉशरच्या गळतीत धरा. तेवढ्याच वजनाचं नवीन भरलं, वर फक्त १०० मिली जास्त, आणि ५४ अंशाला लेव्हल बोल्टमधून अपेक्षेइतकंच बाहेर आलं. रंग आता विटकरी.

९७,३१० किमी: तिसरा टप्पा

निघालं ३.२७० किलो. रंग लाल, नुसता थोडा मळका. सगळं सव्वा तासात आटोपलं. तेरावा डबा फोडला, त्यातलं बरंचसं शिल्लक आहे. माझ्या हिशोबाने जुनं ऑइल आता एकूणच्या दहा टक्क्यांच्या आसपास उरलंय.

तीन टप्प्यांचे तीन नमुने जॅमच्या बाटल्यांत खिडकीत ओळीने ठेवलेत: काळपट, विटकरी, लाल. बायकोने त्यावर तारखा घालून दिल्यात.

निघालेलं साडेनऊ किलो ऑइल कॅनमध्ये भरून शॉपला नेलं. तिथलं वापरलेलं हायड्रॉलिक ऑइल अधिकृत रिसायकलरकडे जातं, त्याच ड्रममध्ये रीतसर नोंद करून दिलं. गटारात ओतलेलं ऑइल जयंती नाल्यातून पंचगंगेत जातं, म्हणून याबाबत मी कडक आहे. घरी करणाऱ्यांनी कॅन साठवून विश्वासू गॅरेजच्या ड्रममध्ये द्यावेत.

९८,०५० किमी: आजची स्थिती

तिसऱ्यातून दुसऱ्याचा धक्का बराच कमी झालाय, गेलेला नाही. थंड गाडीत अजून जाणवतो. गिअरबॉक्सचा संगणक शिफ्ट शिकत जातो आणि त्याने कमी ऑइलवरच्या सवयी साठवल्या असणार असा माझा अंदाज आहे. त्या रीसेट करून घेण्यासाठी पुढच्या आठवड्यात स्कॅनर असलेल्या एका मित्राकडे जाणार आहे. त्यापूर्वी आणि त्यानंतर त्याच रस्त्यावर, दिवसाच्या त्याच वेळेला गाडी चालवून शिफ्टच्या वेळा नोंदवणार.

अणुस्कुरा परवा पुन्हा चढलो. कमाल तापमान ९६. मे महिन्यातल्या १०३ शी याची तुलना मी करत नाही, कारण परवा धो धो पाऊस होता आणि गाडीत दोघंच होतो. खरी तुलना पुढच्या उन्हाळ्यात, तेवढीच माणसं आणि तेवढंच सामान घेऊन. पुठ्ठा अजून पार्किंगमध्येच आहे, आज सकाळपर्यंत कोरडा.