ग्रामपंचायत अध्यक्षांवर अविश्वास ठराव : सह्यांपासून धारवाडपर्यंतचा माझा अनुभव

आमची पंचायत कर्नाटकात, बेळगाव जिल्ह्यात. सदस्य 17. अध्यक्षांवर अविश्वास ठराव आणला, मध्येच कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठाची स्थगिती आली, ती उठली आणि मग ठराव मंजूर झाला. बहुमत सुरुवातीपासून होतं. खरा कस लागला तो तारखा आणि कागद सांभाळताना, कारण कोर्टात बोट ठेवलं जातं ते नोटिशीवर.

सीमाभागात पहिला घोळ सोयऱ्याधायऱ्यांच्या सल्ल्याने होतो. चंदगड-गडहिंग्लजकडचे पाहुणे सांगतात, तहसीलदारांना नोटीस द्या, सात दिवसांत सभा लागते. महाराष्ट्रात ते बरोबर आहे. तिथे एक तृतीयांश सदस्यांच्या सह्या चालतात आणि ठरावाचा वाद जिल्हाधिकाऱ्यांकडे जातो. आपल्याला लागू आहे कर्नाटक ग्राम स्वराज व पंचायत राज कायदा 1993, त्याचं कलम 49 आणि अविश्वास ठरावाचे 1994 चे नियम. इथे नोटीस जाते असिस्टंट कमिशनरकडे, म्हणजे प्रांतांकडे. जिल्ह्यात बेळगाव, बैलहोंगल आणि चिक्कोडी असे तीन उपविभाग आहेत. निपाणीकरांना चिक्कोडी गाठावी लागते. अर्ज तहसीलदार कचेरीत देऊन पोच घेतली तरी त्याचा उपयोग नाही.

आता आकडे. नोटिशीवर एकूण सदस्यांपैकी किमान निम्म्यांच्या सह्या हव्यात आणि ठराव मंजूर व्हायला एकूण सदस्यांच्या दोन तृतीयांश मतं हवीत. हजर सदस्यांच्या नव्हे, एकूण सदस्यांच्या. 17 जणांत सह्या 9 लागतात आणि मतं 12. भागाकार 11.33 येतो म्हणून 11 वर भागत नाही. 13 जणांत 7 आणि 9, 19 जणांत 10 आणि 13. गैरहजर राहणारा सदस्य अध्यक्षांनाच मदत करतो, हे प्रत्येकाला आधीच समजावून सांगावं. शिवाय निवडीपासून 15 महिने ठराव आणता येत नाही आणि अध्यक्षपदाची मुदत 30 महिन्यांची असते. म्हणजे हाती उरतो तो उत्तरार्धच. 15 महिने मोजताना निवडीच्या सभेचं इतिवृत्त समोर ठेवावं, पदभार स्वीकारल्याची तारीख धरू नये.

नोटीस ठरलेल्या नमुना 1 मध्ये, सोबत ठरावाची प्रत, आणि सही करणाऱ्यांपैकी दोघांनी ती स्वतः प्रांतांच्या हाती द्यायची. पोस्टाने किंवा वकिलाच्या कारकुनाकरवी पाठवली की पुढे तोच मुद्दा होतो. नमुना कन्नडमध्ये असतो. आम्ही तो प्रत्येक सदस्याला मराठीत वाचून दाखवला आणि समजल्याची वेगळ्या कागदावर सही घेतली, कारण ‘काय लिहिलंय ते कळलंच नाही, सही फसवून घेतली’ असं नंतर सांगितलं जातं. सही पंचायतीच्या हजेरी वहीत असते तशीच असावी. वहीत कन्नड सही आणि नोटिशीवर मराठी, एवढा फरकसुद्धा बनावट सहीच्या तक्रारीला पुरतो. महिला सदस्यांनी स्वतः हजर राहून सही करावी. नवऱ्याने किंवा दिराने केलेली सही तर उघड गुन्हाच.

ठरावात भ्रष्टाचाराचे आरोप घुसडण्याचा मोह आवरावा. गैरवर्तनावरून काढण्यासाठी कलम 48(4) चा वेगळा मार्ग आहे. तिथे चौकशी होते, अध्यक्षांना म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते. दोन्ही एकत्र केलं की चौकशीशिवाय कलंक लावला, असा मुद्दा समोरच्याला आयता मिळतो. आम्ही ‘विश्वास राहिलेला नाही’ एवढंच लिहिलं.

सगळ्यात जास्त प्रकरणं अडकतात ती पुढच्या टप्प्यावर. नोटीस मिळाल्यापासून 30 दिवसांच्या आत प्रांतांनी सभा घ्यायची आणि प्रत्येक सदस्याला किमान पूर्ण 15 दिवस आधी कळवायचं. पूर्ण दिवस म्हणजे नोटीस पोचल्याचा आणि सभेचा, दोन्ही दिवस वगळून. 3 जूनला नोटीस हाती पडली तर 4 ते 18 हे पंधरा दिवस, आणि सभा लवकरात लवकर 19 ला. एका जरी सदस्याला 4 तारखेला नोटीस मिळाली आणि सभा 19 लाच ठेवली, तरी एक दिवस कमी भरतो. म्हणून सदस्यांना सहलीला न्यायची घाई करू नये. नोटिशी बजावल्या जाईपर्यंत सगळ्यांनी घरी राहून, तारीख घालून पोच द्यावी. अध्यक्ष घरी सापडत नसतील तर घरातल्या प्रौढ माणसाकडे देणं किंवा दारावर चिकटवणं नियमात बसतं, पण त्याचा पंचनामा झाला आहे का ते पाहावं. आणि कर्नाटक विधिमंडळाचं हिवाळी अधिवेशन बेळगावजवळ हलग्याच्या सुवर्ण विधानसौधमध्ये भरतं तेव्हा जिल्ह्यातले अधिकारी तिकडे गुंतलेले असतात. त्याच्या तोंडावर नोटीस दिली तर 30 दिवस तसेच निसटतात.

नोटीस दिली त्याच दिवशी धारवाड खंडपीठात कॅव्हिएट घालावं, म्हणजे आमचं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा अर्ज. ते 90 दिवस टिकतं. अध्यक्षांनी ठरावाविरुद्ध रिट याचिका केली तर निदान तुमचं ऐकून घेतलं जातं. तरीही स्थगिती आलीच तर ठराव मरत नाही, सभा फक्त पुढे ढकलली जाते. स्थगिती उठल्याची माहिती प्रांतांना मिळाल्यापासून नवे 30 दिवस सुरू होतात आणि सदस्यांना पुन्हा पूर्ण 15 दिवसांची नोटीस लागते. म्हणून आदेशाची प्रमाणित प्रत वकिलाच्या फाईलमध्ये पडू न देता स्वतः नेऊन द्यावी आणि पोच घ्यावी.

सभा पंचायतीच्या कार्यालयातच होते. प्रांत अध्यक्षस्थानी असतात, ठराव वाचतात आणि चर्चेविना मताला टाकतात. त्यांना ठरावाच्या बाजूने किंवा विरोधात बोलता येत नाही, मतही नसतं. त्या दिवशी भाषणाचा आग्रह धरणं म्हणजे गोंधळाला आमंत्रण. चित्रीकरणाची लेखी मागणी मात्र आधीच करावी.

हे सगळं सुरू करण्याआधी एक गोष्ट पाहावी, जी उत्साहात राहून जाते: अध्यक्षपदाचं आरक्षण. अध्यक्ष गेले तरी उरलेल्या मुदतीसाठी आरक्षण तेच राहतं. पद अनुसूचित जातीच्या महिलेसाठी राखीव असेल आणि त्या गटातली सदस्य एकच असेल, तर नव्या निवडीला उभं राहणार कोण? मधल्या काळात काम उपाध्यक्ष बघतात, पण पैसे अध्यक्ष आणि पीडीओ (पंचायत विकास अधिकारी) या दोघांच्या डोंगलवर, म्हणजे डिजिटल सहीच्या यूएसबी उपकरणावर निघतात. नव्या सहीचं डोंगल तयार होईपर्यंत पाणी सोडणाऱ्याचा पगारसुद्धा थांबतो, तेव्हा तो अर्ज निवडीच्या दिवशीच पीडीओंकडे द्यावा.