वेळासची वाळू आणि काकांची गोष्ट

आज सकाळी कोकणात वेळासच्या किनाऱ्यावर होते. घरट्यावरची टोपली उचलली तर खाली ऑलिव्ह रिडले या समुद्री कासवांची पिल्लं, इवलीशी, काळपट, वाळू झटकत एकमेकांवर चढतायत! शेजारी गावातले एक काका पोरांना सांगत होते की पूर्वी लोक ही अंडी काढून न्यायचे, खायचे, विकायचे, मग २००२ पासून सह्याद्री निसर्ग मित्र ही संस्था आणि गावाने मिळून घरटी राखायला घेतली. पुढे म्हणाले, "अरे हा विष्णूचा कूर्मावतार, आणि अंडी घालायला येते ती आपली माहेरवाशीणच की!" एवढं ऐकल्यावर पोरं दोरीमागे आपोआप गप्प उभी राहिली, तोपर्यंत बोर्ड कोणी वाचतही नव्हतं.

मला खरंच वाटतं क्लायमेट चेंजचंही असंच सांगायला हवं. नुसतं तापमान वाढतंय म्हटलं की लोक मान डोलावतात आणि पुढे जातात, पण वाळू जास्त तापली की अंड्यातून बहुतेक माद्याच निघतात, नर कमी होत जातात, हे ऐकून कोणीही थांबेल ना. आणि जून २०२० च्या निसर्ग वादळात ज्यांच्या नारळी-पोफळी आडव्या झाल्या त्यांच्याकडे तर स्वतःच्याच गोष्टी आहेत, त्या कोणी लिहून घेतंय का? तुमच्या घरात कोणी सांगत असेल तर प्लीज रेकॉर्ड करून ठेवा.