चिरोट्यांचा लघुपट: वृत्त बसलं, तळण झालं, गड बाकी

मंडळी, चिरोट्यांच्या लघुपटाचं काम बरंच पुढे सरकलंय. नव्यांसाठी थोडक्यात: साताऱ्यातल्या बेकरीत दिवसभर खारी लाटणारा कारागीर दासनवमीला, म्हणजे समर्थ रामदासांच्या पुण्यतिथीला, सज्जनगडावर न्यायला घरी चिरोटे करतो. संवाद नाहीत. समर्थांच्या मनाच्या श्लोकांतला एकही श्लोक ऐकू येणार नाही, घेतलंय ते फक्त त्यांचं वृत्त.

भुजंगप्रयात म्हणजे शाळेत घोकलेलं ‘यमाता’ चार वेळा, लघु-गुरु-गुरु. एडिट त्यावरच बसवलंय. सेकंदाला २५ फ्रेम धरून लघु ६ फ्रेमचा, गुरू १२ चा. चरण १२० फ्रेमचा, म्हणजे ४.८ सेकंद. कागदावर झकास! पण पाव सेकंदात डोळ्याला काय कळणार? म्हणून लघुला कायम एकच चित्र, पोळपाटावर भुरभुरणारी पिठी. लाटणं, घडी, साटा (थरांमधला तूप-पिठीचा लेप) फासणारी बोटं हे सगळं गुरूला. आता डोळे मिटून नुसतं ऐकलं तरी चाल ओळखू येते.

बेकरीत ट्यूबलाइटचे पट्टे येत होते, कॅमेऱ्याचं शटर १/५० सेकंदावर आणल्यावर गेले. तिपदरी घडी सहा वेळा घातली की ७२९ थर होतात, हे पडद्यावर लिहायचा मोह मात्र आवरला.

खरी कसरत श्रद्धा पडद्यावर दाखवायची. घंटा, समई, जोडलेले हात यादीतून आधीच उडवले, ते कुठल्याही मालिकेत मिळतात. हाताला लागलं ते वेगळंच: नैवेद्याचं चाखायचं नसतं. बेकरीत हाच माणूस खारी मोडून तोंडात टाकल्याशिवाय ट्रे पुढे सोडत नाही, घरी मात्र तोंड बंद. म्हणून तळण वृत्त मोडून एकाच सलग शॉटमध्ये घेतलं. मंद आच, झाऱ्याने वरून तूप सोडत राहायचं, पापुद्रे सुटत जातात. बुडबुड्यांचा आवाज उतरला की तो चिरोटा काढतो, बघतही नाही फारसं. पंखा बंद ठेवून माइक कढईपासून हातभर लांब धरला होता. आवाज अप्रतिम आलाय.

राहिला गड. समाधीपाशी कॅमेरा न्यायचा नाही हे पक्कं. पायऱ्या, खाली दिसणारं उरमोडीचं पाणी आणि हातातला डबा, बस. डबा उघडायचा की नाही यावरून मात्र साउंडवाल्याशी वाद चाललाय. त्याचं म्हणणं, इतका वेळ कान टवकारायला लावून चिरोटा मोडल्याचा आवाजच गाळला तर लोक शिव्या घालतील. तूर्त दोन्ही कट ठेवलेत.