स्टे मिळाला, पण पोचायचा होता

घरमालकाने दावा जिंकला होता; कोर्टाचा बेलिफ दुसऱ्या दिवशी भाड्याच्या घराचा कब्जा घ्यायला येणार हे कळल्यावर काकू रात्रीच कागदांची पिशवी घेऊन माझ्याकडे आल्या. "वकीलसाहेब, आमचं अपील दाखल आहे ना? मग घर खाली कसं करतात?"

अपील मुदतीत होतं. पण आधीच्या वकिलांनी सोबत स्थगितीचा अर्जच दिला नव्हता, आणि याचा मला आजही राग येतो. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ४१, नियम ५ साफ सांगतो की नुसत्या अपिलाने निकालाची बजावणी, म्हणजे अंमल, थांबत नाही. त्यात हुकूमनामा (घर खाली करण्याचा कोर्टाचा निकाल) दोन वर्षांच्या आतला, म्हणून दरखास्तीची, म्हणजे बजावणीसाठीच्या अर्जाची, नोटीस काढायची गरज नव्हती. थेट वॉरंट निघालं.

काकूंना दारात ठाण मांडून बसायचं होतं. मी हट्टाने त्यांना सोबत जिल्हा न्यायालयात नेलं. घरी मुलगा थांबला. बेलिफाच्या अंगावर जायचं नाही, हे त्याला तीनतीनदा बजावलं.

समोरच्यांचं कॅव्हेट, म्हणजे 'आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका' असा आगाऊ अर्ज, होतं, त्यामुळे अर्जाची प्रत सकाळीच त्यांच्या हाती दिली. घरमालक चौदा वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवतोय, असं त्यांचे वकील म्हणाले. ते खोटं नव्हतं. म्हणून बाजारभावाने दरमहा रक्कम कोर्टात भरायची तयारी मी स्वतःच दाखवली. सर्वोच्च न्यायालयाच्या आत्माराम प्रॉपर्टीज खटल्यातल्या २००४ च्या निकालापासून स्थगितीसाठी अशी अट घालता येते, हे आम्हां सगळ्यांना पाठ आहे. पुढच्या तारखेपर्यंत स्टे मिळाला.

तेवढ्यात मुलाचा फोन. "सामान बाहेर काढतायत."

आदेशाची प्रत टाईप होऊन सही व्हायला वेळ लागणार होता आणि वॉरंट काढणारं तालुक्याचं कोर्ट तासाभराच्या अंतरावर. स्थगिती लागू होते ती खालच्या कोर्टाला कळल्यावर. तोवर कोर्टाने अजाणता केलेली बजावणी बेकायदा ठरत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्येच सांगितलंय. एकदा ताबा गेला असता, तर तो परत मिळवण्याची लढाई वेगळीच.

पण त्याच नियम ५ ला एक स्पष्टीकरण जोडलेलं आहे. आदेश पोचेपर्यंत अपीलकर्त्याने स्वतःच्या माहितीवर केलेल्या शपथपत्रावरही खालच्या कोर्टाने थांबायचं असतं. काकूंना आणलं होतं ते यासाठीच.

गाडीत मांडीवर कागद ठेवून लिहिलं: 'मी स्वतः न्यायालयात हजर होते. स्थगिती दिल्याचे मी माझ्या कानांनी ऐकले.' तालुक्याला पोचल्यावर शपथ झाली. सही करताना काकूंचा हात इतका थरथरत होता की आडनावाची शेवटची दोन अक्षरं रेषेखाली घसरली. डाव्या मुठीत घराची किल्ली होती, ती सोडायला त्या तयार नव्हत्या.

"आदेशाची प्रत कुठाय?" समोरच्या ज्युनिअरने हरकत घेतली. मी स्पष्टीकरण वाचून दाखवलं. न्यायाधीश साहेबांनी ते पुस्तकात पुन्हा एकदा स्वतः वाचलं आणि वॉरंट थांबवायला सांगितलं. बेलिफांवर देखरेख करणाऱ्या नाझरने तिथूनच बेलिफाला फोन लावला.

घरी पोचलो तेव्हा ट्रंका, गाद्या, डबे ओसरीवर होते. शिलाई मशीन तेवढं आत, जड म्हणून शेवटी ठेवलेलं. ताबापावतीवर सही व्हायची होती. बेलिफ उंबऱ्यावर बसून वॉरंटच्या पाठीमागे शेरा लिहीत होता: 'स्थगितीमुळे बजावणी न करता परत.' काकूंनी ते वाक्य त्याच्याकडून दोनदा वाचून घेतलं आणि मग मुलाला म्हणाल्या, "गाद्या आधी आत घे."