तुम्ही विचारलंत म्हणून: पोरांना नुसतं पडायलाच का शिकवता?

पोराला जुडोच्या क्लासला घालून महिना झाला की आईवडील हमखास विचारतात, "सर, अजून एकही डाव नाही. नुसतं पडायलाच शिकवताय का?" फी वाया चालली की काय, ही काळजी त्यात असते आणि ती रास्तच आहे. शेजारचा कराटेवाला मुलगा तोवर हातपाय झाडून दाखवायला लागलेला असतो.

क्लास सुटायच्या गडबडीत मी एवढंच म्हणतो, की पडता आलं नाही तर फेकता येत नाही. त्यानं कुणाचं समाधान होत नाही, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

मूल मागे पडायला लागलं की हात मागे टेकवतं. तुम्ही-आम्हीही तेच करू. सगळं वजन त्या एका हातावर येतं आणि मनगट, कोपर नाहीतर कॉलरबोन जातं. ही जन्माची सवय मोडायची म्हणून उकेमी, म्हणजे पडण्याचा सराव. आधी झोपून, मग बसून, मग उकिडवं आणि सगळ्यात शेवटी उभ्यानं. हनुवटी छातीला, नजर स्वतःच्या बेल्टच्या गाठीवर, म्हणजे डोकं मागे आपटत नाही. पाठ मॅटला लागते त्याच क्षणी सरळ हात, तळवा खाली, सपकन मारायचा. हात अंगापासून साधारण 30 ते 45 अंशांवर हवा. फार उघडला तर खांद्यावर ताण येतो, अंगाखाली गेला तर कोपर दुखावतं. नीट जमलं की आवाज मोठा येतो आणि लागत काहीच नाही. पोरं या आवाजावर जाम खूश असतात.

आता मूळ मुद्दा. जुडोचे जनक कानो जिगोरो यांनी 1882 मध्ये तोक्योच्या एइशोजी मंदिरात कोदोकान ही आपली जुडोची शाळा सुरू केली, तेव्हा ते दोन जुन्या घराण्यांचं जुजुत्सू, म्हणजे जपानची जुनी झुंजीची कला, शिकले होते. त्यात सांधे निखळवणारे, मर्मावर मारायचे प्रकार होते. ते खऱ्या जोरानं रोज करायचे तर जोडीदार उरणार नाही. कानोंनी धोक्याचे प्रकार कातापुरते, म्हणजे आधी ठरवून केलेल्या सरावापुरते ठेवले आणि खाली पडणारा सुखरूप उठेल असे डाव रांदोरीसाठी निवडले. रांदोरी म्हणजे खरी झटापट, समोरचा विरोध करत असताना. आता रोज पूर्ण ताकदीनं सराव करता येऊ लागला, आणि तो करता येतो तो उकेमीच्या जोरावर. माझ्या मते कानोंचं खरं डोकं इथे दिसतं.

तालमीतून आलेल्या मुलांना हे सगळ्यात जड जातं. डाव त्यांना ओळखीचे वाटतात, सेओइ नागे, म्हणजे पाठीवरून फेकायचा डाव, पाहिलं की धोबीपछाड आठवतेच. पण पाठ टेकली म्हणजे हरलो, हे त्यांच्या अंगात मुरलेलं असतं, म्हणून ती हवेतच वळतात, डोक्यावर पूल करतात, म्हणजे डोकं आणि पाय टेकून पाठ कमानीसारखी वर धरतात. जुडोच्या स्पर्धेत पूल करून उतरलात तरी समोरच्याला पूर्ण गुण मिळतो. मानेवर बेतू नये म्हणूनच तो नियम आहे.

कानोंनी पुढे दोन सूत्रं मांडली: शक्तीचा उत्तम वापर, आणि स्वतःबरोबर दुसऱ्याचंही भलं. बऱ्याच क्लासांत ती भिंतीवर फ्रेम करून लावलेली असतात आणि तिथेच राहतात. मला दुसरं सूत्र बाहीत दिसतं. फेकणाऱ्याचा एक हात समोरच्याच्या बाहीवर असतो. डाव पूर्ण होताना ती सोडायची नाही, उलट शेवटी किंचित वर ओढून धरायची. त्यानं पडणाऱ्याचं डोकं आणि खांदा आधी खाली जात नाही, आणि दुसरा हात मॅटवर मारायला मोकळा राहतो.

हे सांभाळलं नाही तर काय होतं, तेही जपानातच दिसलं. 1983 पासूनच्या साधारण तीस वर्षांत तिथल्या शाळांमध्ये जुडो करताना शंभरावर मुलं दगावली. बरीचशी डोक्याला मार लागून, आणि त्यात नवशिकी मुलं जास्त. ओसोतो-गारी, म्हणजे पायामागे पाय अडकवून सरळ मागे पाडायचा डाव, त्यात वारंवार दिसला. 2012 पासून कनिष्ठ माध्यमिक शाळांत मार्शल आर्ट सक्तीचं झालं तेव्हा पालकांनी यावर आवाज उठवला, आणि योग्यच केलं. फ्रेममधल्या सूत्रांनी ती मुलं वाचली नव्हती.

म्हणून हा डाव मी लवकर शिकवत नाही. पहिला थ्रो ओ-गोशी, कमरेवरून घालायचा, कारण त्यात पडणाऱ्याला शेवटपर्यंत धरून ठेवता येतं. तोही आधी जाड मॅटवर.

तरीही दुसरा क्लास बघावासा वाटला तर जरूर बघा. तिथे मेडलं आणि बेल्ट मोजत बसू नका. दहा मिनिटं बाजूला बसा आणि मोठी मुलं लहानांना फेकतात तेव्हा बाही हातात राहते की सुटते, तेवढं बघा.